खुनाआधीचा नमस्कार

त्या हंगामात माझा रोज खून व्हायचा.

झाडीपट्टीच्या नाटकात बाईनं पन्नाशी ओलांडली की तिला दोनच कामं मिळतात, छळणारी सासू किंवा रडणारी आई. मी दोन्ही पोटभर केली आहेत. दिवाळी झाली, धान कापून घरात आलं, की आमच्या नाटककंपन्यांच्या गाड्या गडचिरोली-चंद्रपूरच्या गावोगावी निघतात त्या थेट होळीपर्यंत. या गाड्यांमधून फिरत मी इतक्या सुनांना जाच केलाय की चामोर्शीच्या बाजारात एकदा एका म्हातारीनं मला वांगी द्यायला साफ नकार दिला. "आपल्या सुनेले पयले बरी वागव," म्हणाली. पण खून होणं, आणि मग पुढचा अख्खा अंक स्टेजवर प्रेत होऊन पडून राहणं, हे काम माझ्या वाट्याला पहिल्यांदाच आलं होतं.

हे खूळ मालकाचं. मालक म्हणजे आमच्या कंपनीचा मालक, लेखक, दिग्दर्शक आणि वेळ पडली तर नटही. मानेवर रुळणारे केस, गळ्यात मफलर, आणि जग आपल्याला फसवायला टपलंय असा कायमचा चेहरा. लहानपणी तो चंद्रपूरला मामाकडे शिकायला होता. तिथल्या टॉकीजमध्ये सकाळच्या खेळाला जुने काळे-पांढरे रहस्यपट लागायचे. ते त्याच्या डोक्यात जे जाऊन बसले ते बसलेच. आता ते सगळे त्याच्या मोबाईलवर असतात. गाडीत पुढच्या सीटवर बसून तो ते बघायचा आणि मध्येच मागं वळून आम्हाला शिकवायचा, "पाहा, या पिच्चरमधी कोणीच साधा नाई. जो जास्त हसून राह्यला, त्याच्यावर पयले डाऊट घ्या."

त्याच्या खांद्यावरून बघता बघता मलाही त्या सिनेमांची गोडी लागली. पावसानं ओला रस्ता, जिन्यावर चढत जाणारी सावली, सिगारेटच्या धुरामागचा चेहरा, आणि एकूण एक माणूस संशयित. माझा स्वभाव मुळात तसलाच. भाजीवाल्यानं वर मूठभर कोथिंबीर टाकली तरी मी विचार करते, आज यानं काटा मारला वाटतं.

तर त्या वर्षी मालकानं जाहीर केलं की यंदा आपण ब्लॅक अँड व्हाइट नाटक करायचं. आम्ही हसलो. त्यानं खरंच केलं. पडदे राखाडी रंगवले. लाल-हिरव्या दिव्यांवरचे कागद काढून टाकले आणि पांढरा उजेड फक्त एका बाजूनं मारला, म्हणजे अर्धा चेहरा दिसायचा आणि अर्धा अंधारात. साड्या, शर्ट, टोप्या, सगळं काळं, पांढरं नाहीतर करडं. आमच्या तोंडाला करडी पावडर फासली. आरशात बघितलं तर मी मरायच्या आधीच मेल्यासारखी दिसत होते. आमच्याकडं लोक नाटकाला येतात ते रंग बघायला, नाच बघायला. पहिल्याच गावात एका पाटलानं विचारलं, "काऊन जी मालक, रंगाचे पैसे संपले का?"

नाटकाचं नाव 'सावलीला साक्ष नाही'. सागवानाच्या ठेकेदाराचं घर, त्याची विधवा आई म्हणजे मी, एक मुलगा, एक सून, एक जुना नोकर. दुसऱ्या अंकात दिवे जातात आणि काळी शाल पांघरलेलं कुणीतरी माझा गळा आवळतं. मग इन्स्पेक्टर येतो. ते काम मालकानं स्वतःकडं ठेवलं होतं. शेवटच्या प्रवेशात कळतं की खून सुनेनं केला. हे ऐकायला साधं वाटेल, पण झाडीपट्टीत सून म्हणजे देवीच. ती रडते, मार खाते, सासूचे पाय चेपते. तिच्यावर संशय घ्यायचं कुणाच्या मनातही येत नाही. मालकाची सगळी भिस्त या एका गोष्टीवर होती. तालमीच्या शेवटच्या दिवशी त्यानं एकेकाला स्टेजवर हात ठेवून शपथ घ्यायला लावली, की खुनी कोण हे बाहेर फोडणार नाही.

सुनेचं काम करायला अहेरीकडची एक पोरगी आली होती. पहिलाच हंगाम. गरीब चेहऱ्याची, मोठ्या डोळ्यांची, घरी फोनवर गोंडीत बोलायची आणि आमच्याशी लाजत लाजत मराठीत. खून करणाऱ्याचा असा चेहरा असतो होय, असं मलाही वाटलं. म्हणजे मालकानं निवड बरोबर केली होती.

पहिल्या गावात प्रयोग असा रंगला की विचारू नका. शेवटी पोरीनं काळी शाल बाजूला केली तेव्हा पुढच्या सतरंजीवरची एक बाई किंचाळली. मालक विंगेत उभा राहून मफलरनं डोळे पुसत होता. पण दुसऱ्या गावात पहिला अंक संपायच्या आतच मागून कुणीतरी ओरडलं, "बुढे, सूनबाईपासून सांभाळून राह्यजो!" सगळे हसले. तिसऱ्या गावातही तेच. चौथ्या गावात तर खून झाल्यावर इन्स्पेक्टर आत आला आणि समोरून बायकांचा घोळकाच ओरडला, "कायले फिरून राह्यले साहेब, ते काय सून उभी हाय!"

मालकाच्या तोंडचं पाणी पळालं. कुणीतरी आधी गावात पोचून रहस्य फोडतंय हे उघड होतं. संशय एकदा गाडीत चढला की उतरत नाही. ऑर्गनवाला फोनवर हळू बोलला तर मालक कान टवकारायचा. नोकराचं काम करणारा नट गावातल्या पाहुण्याकडं जेवायला गेला तर त्याची चौकशी व्हायची. पोरगी बिचारी तर कुणी बघितलं तरी खाली मान घालायची. त्यामुळं तिच्यावरही संशय आला. आणि या सगळ्यातून फिरत फिरत मालकाची नजर येऊन थांबली ती माझ्या नवऱ्यावर.

माझा नवरा कंपनीचा प्रॉम्प्टर, सगळे त्याला भाऊ म्हणतात. त्याच्याशी बोलताना मी 'तुमी' म्हणते, पण लिहिताना एकेरीच लिहिणार आहे. आमच्याकडं रोज नवं गाव, रोज प्रवास, आणि एका कंपनीची दोन-तीन नाटकं एकाच वेळी चालू. सगळं कुणाच्याच पाठ नसतं. स्टेजच्या डाव्या विंगेत, पडद्याच्या आडोशाला, मांडीवर स्क्रिप्ट आणि शेजारी छोटा दिवा घेऊन तो बसतो, आणि नटाचा श्वास अडकला की त्याच्या कानापर्यंत जाईल एवढ्याच आवाजात वाक्य सोडतो. आमचं लग्नही त्यातूनच जमलं. मी तरुणपणी वाक्यं विसरायचे, तो द्यायचा. मग मी जरा जास्तच विसरायला लागले.

वडशाला सगळ्या कंपन्यांची ऑफिसं आहेत. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना नाटकांचे मोठमोठे फलक. एका सुट्टीच्या दिवशी मालकानं मला आमच्या ऑफिसात बोलावलं, दार लोटून घेतलं आणि म्हणाला, "बाई, वाईट नोको वाटून घेऊ. भाऊंनी मागं दोन हंगाम त्या दुसऱ्या कंपनीत काढले ना? परवा त्यांच्याच बिल्डिंगीत जाताना त्याईले पाह्यलं एकानं."

"मंग? रस्ता काय तुमच्या बापाचा हाय?" मी म्हणाले. मला राग आला की मी मालकालाही सोडत नाही.

तो चिडला नाही, हेच वाईट. शांतपणे म्हणाला, "चामोर्शीकडच्या खेळापर्यंत मी गप राह्यतो. तिथी बी फुटलं, त भाऊले घरी पाठवतो. अन् सगळ्या झाडीत सांगतो काऊन पाठवलं ते."

म्हणजे काय, ते मला नीट कळलं. प्रॉम्प्टरच्या मांडीवर सगळं नाटक असतं. तो फितूर आहे असं एकदा पसरलं की त्याला कुठलीही कंपनी दारात उभी करणार नाही. तो घरी बसणार, नावाला काळिमा लावून, आणि मी एकटी गाडीत.

मालकासमोर मी ताठ उभी राहिले, पण बाहेर आले तशी माझ्याही मनात शंकेची पाल चुकचुकली. कारण मालकाला माहीत नव्हतं ते मला माहीत होतं. त्या हंगामात नवरा बदलला होता. फोन आला की उठून लांब जायचा. विंगेतला दिवा मोठा पाहिजे म्हणून त्यानं मालकाशी दोनदा वाद घातला होता. मालक म्हणाला होता, तुमच्या दिव्यानं माझा अंधार फाटतो. मुक्कामाच्या घरी दुपारी सगळे झोपले की तो मागच्या अंगणात जाऊन बसायचा आणि तोंडातल्या तोंडात काहीतरी पुटपुटायचा. एकदा मी दाराआडून ऐकलं. नाटक म्हणत होता. सुनेचं वाक्य, मग इन्स्पेक्टरचं, मग नोकराचं. हे कुणाला ऐकवतोय हा, असं मनात आलं आणि मी त्याच्या हातात फोन आहे का ते वाकून बघितलं. फोन खिशात होता. खिशातल्या फोनमध्येही आवाज भरता येतो, एवढं मला कळतं.

मालकानं बोलावलं त्याच दिवशी दुपारी तो म्हणाला, "जरा पान खाऊन येतो." मी तोंडाला ओढणी गुंडाळली, स्कूटीवरच्या पोरी गुंडाळतात तशी, आणि त्याच्या मागं निघाले. लग्नाच्या नवऱ्यावर भर उन्हात पाळत ठेवणं हा काही शोभेचा प्रकार नाही. पण सिनेमात बघितलं होतं तसं मी अंतर ठेवलं, दुकानाच्या काचेत बघत थांबले, आणि तो वळला की मीही वळले. पानाचं दुकान त्यानं मागं टाकलं. बसस्टँडच्या मागच्या गल्लीत तो एका दुमजली बिल्डिंगीत शिरला. वर त्या दुसऱ्या कंपनीचं ऑफिस होतं. त्यांच्या नाटकाचा फलक बाल्कनीवरून खालपर्यंत लोंबत होता, खालच्या दुकानांच्या पाट्याही त्यानं झाकून टाकल्या होत्या.

समोरच्या टपरीवर मी चहा घेतला. मग दुसरा घेतला. तो बाहेर आला तेव्हा त्यानं एक हात कपाळावर आडवा धरला होता, कुणी ओळखू नये असा. दारातच उभा राहिला, खिशातून काळा गॉगल काढला आणि डोळ्यांवर चढवला. या माणसानं जन्मात गॉगल लावला नव्हता. भिंतीच्या कडेकडेनं, हळूहळू, चोरासारखा तो निघून गेला. माझ्या हातातला चहा तसाच थंड झाला.

संध्याकाळी मी विचारलं, "कुठी गेले होते?"

"इथीच. पान खाले."

ओठ लाल नव्हते. तो माझ्याशी खोटं बोलला, आणि तेही इतक्या सहज की मला त्या रागातही रडू आलं. मी मालकाला काही सांगितलं नाही. सांगितलं असतं तर चामोर्शीपर्यंत थांबायचीही गरज पडली नसती. पण गाडीत मी नवऱ्याशेजारी बसले नाही. पोरीला मध्ये बसवलं. तो खिडकीतून बाहेर बघत होता, किंवा मला वाटलं की बघत होता.

चामोर्शीकडच्या त्या गावात मंडई होती, म्हणजे आमच्याकडची जत्रा. घराघरात पाहुणे, रस्त्यावर पाळणे, जिलेबीच्या कढया. स्टेजमागं आमचा रंगपट कापडी कनातीचा, नेहमीसारखा ठिकठिकाणी फाटलेला, आणि प्रत्येक फटीला एकेक डोळा. गावातल्या बायका-पोरांना नाटकाइतकंच नटांचं तोंड रंगवणंही बघायचं असतं. आम्ही त्यांना हाकलत नाही.

दिवेलागण झाली. मी तोंडाला करडी पावडर लावून पेटीवर बसले होते. इतक्यात पोरगी आली, वाकली आणि रोजच्यासारखं माझ्या पायांना हात लावून म्हणाली, "बाई, माफ करजा."

"सुखी राह्य," मी म्हणाले. रोजच म्हणायचे.

आमच्याकडं ही रीत आहे. नाटकात ज्याला मोठ्या माणसावर हात उचलायचा असतो, लाथ मारायची असते, मारून टाकायचं असतं, तो आधी त्या माणसाच्या पाया पडतो. हातून पाप घडू नये म्हणून. मी या कंपनीत आले तेव्हाही ती होती आणि मालक ती कसोशीनं पाळायचा. नवीन माणूस आला की पहिल्या दिवशी त्याला हे बजावून सांगायचा.

पोरगी उठून गेली आणि माझ्या पाठीमागच्या फटीतून एका बाईचा आवाज आला. दुसरीला सांगत होती. "हेच पोरगी मारते वाटते व बुढीले. पाया पडली ना आता."

मी वळून त्या फटीकडं बघितलं. मग मला हसू आलं, इतकं की डोळ्यांतून पाणी येऊन पावडरीवर ओघळ उठले. कुणी फोडलं नव्हतं. कुणी फितूर नव्हतं. आम्हीच रोज, सगळ्या गावाच्या डोळ्यांदेखत, पडदा उघडायच्या आधी खुनी दाखवत होतो. दुसऱ्या नाटकांत खलनायक कोण हे सगळ्यांना पहिल्यापासून माहीत असतं, त्यामुळं तो कुणाच्या पाया पडला तर बिघडत नाही. पण झाडीतल्या कुठल्याही बाईला ही रीत ठाऊक असते. आणि पहिल्या गावात रहस्य टिकलं, कारण तिथं रंगपटाला शाळेची खोली मिळाली होती आणि खोलीला दार होतं.

मी तशीच ओघळलेल्या तोंडानं मालकाकडं गेले आणि त्याला ऐकवलं. त्याला पटायला वेळ लागला, कारण पटलं तर चूक त्याच्या स्वतःच्या रितीची होती. मग त्यानं कनातीच्या फटींकडं बघितलं आणि मटकन खाली बसला. "आजपासून पाया पडनं बंद," म्हणाला.

आणि ती लाजरी पोरगी, जी महिनाभर कुणाला वर तोंड करून बोलली नव्हती, सरळ म्हणाली, "मी नाई करत. बिना पाया पडता बाईच्या गळ्याले मी हात नाई लावत. दुसरी सून पाहा."

मला तिचं फार कौतुक वाटलं. गळा माझा होता, तेव्हा मलाही ती रीत मोडायची नव्हतीच.

"बंद कायले करता?" मी म्हणाले. "सगळेच पडा ना. सगळ्याईनं सगळ्याईच्या पाया पडा. मंग गाववाल्याईले काय समजनार कोन मारते ते? अन् मालक, पयले तुमी. पयले भाऊंच्या."

मालकाच्या नाकाला मिरच्या झोंबल्या. पण माझ्याकडं बघून त्यानं ओळखलं की यातून सुटका नाही. ज्याला घरी पाठवायला निघाला होता, झाडीभर बदनाम करायला निघाला होता, त्याच्यापुढं वाकायचंच. बाकीच्यांना यातलं काही माहीत नव्हतं. मला मात्र ते बघायचं होतं. नवरा माझ्याशी खोटं का बोलला ते मला अजून ठाऊक नव्हतं, पण फितुरीचा डाग त्यानं लावून घेतला नव्हता, आणि तेवढ्यापुरती मी त्याच्या बाजूनं उभी राहणार होते.

नवरा तिकडं लांब विंगेजवळ खांबाला टेकून उभा होता, आमचं बोलणं त्याच्या कानावर गेलं नव्हतं. आमच्या घरी पाया पडत नाहीत. त्याच्या आजोबांनी धम्म घेतला तेव्हापासून त्यांच्याकडं माणसानं माणसापुढं वाकायची रीत संपली. कंपनीत कुणी त्याच्यापुढं वाकायला लागलं की तो अर्ध्यातच खांदे धरून त्याला उभं करतो आणि हात जोडतो. मालकालाही तो असाच मध्येच उभा करणार, सगळ्यांसमोर, आणि त्यात मालकाची चांगली जिरणार, असा माझा हिशेब होता. मालक त्याच्यासमोर गेला. काही न बोलता वाकला. नवऱ्यानं त्याला धरलं नाही. मालकाचा हात पायाला लागला तेव्हा तो दचकला. गडबडीनं खाली हात नेला, तो मालकाच्या त्या मानेवरच्या लांब केसांवर पडला, आणि माझा नवरा मायेनं म्हणाला, "नोको व पोरी, उठ. सुखी राह्य."

सगळा रंगपट हसला. भाऊंनी मालकाची फिरकी घेतली असं सगळ्यांना वाटलं. मालकही उठून, केस सारखे करत, जरा उशिरा हसला. मी हसले नाही. नवरा ज्या दिशेला बघून हसत होता तिथं कुणीच उभं नव्हतं.

मला पहिल्यांदा काय वाटलं ते खरं सांगते. बरं वाटलं. हा दगाबाज नाही, याला नुसतं दिसत नाही, म्हणून जीव भांड्यात पडला. मग पुढच्याच क्षणी, न दिसणं म्हणजे काय ते कळलं.

त्यानं मला सगळं सांगितलं ते दुसऱ्या दिवशी, पण इथंच सांगून टाकते. त्या बिल्डिंगीत खाली, लोंबत्या फलकाच्या मागं, डोळ्यांचा डॉक्टर बसतो. बाहुल्या मोठ्या करायला औषध घातलं होतं म्हणून ऊन सोसत नव्हतं, म्हणून तो हात, म्हणून तो गॉगल. साखरेच्या आजारानं डोळ्यांची आतून नासाडी केली होती. नागपूरला जाऊन इंजेक्शनं घ्यायची होती, आणि आहे तेवढं टिकेल की नाही ते कुणी छातीठोक सांगत नव्हतं. फोन डॉक्टरांचे. अंगणातलं पुटपुटणं म्हणजे पाठांतर. ज्याला दिसत नाही अशा प्रॉम्प्टरला कोण ठेवणार? म्हणून तो सबंध नाटक पाठ करत होता. मला का सांगितलं नाही, असं मी ओरडून विचारलं. तर म्हणाला, "तू मले गाडीतून उतरवलं असतं. मंग तू एकटी गेली असती." मालकाला आम्ही अजून सांगितलेलं नाही. हे वाचून कळलं तर कळू दे. सगळं नाटक पाठ असलेला प्रॉम्प्टर त्याला दुसरा कुठं मिळतो ते मी बघते.

पण त्या प्रयोगाला, त्याला दिसत नाही यापलीकडं मला काही ठाऊक नव्हतं. घंटा झाली. आम्ही सगळ्यांनी एकमेकांच्या पाया पडून घेतलं होतं, कनातीच्या फटींमधून भरपूर कुजबुज झाली होती, आणि पहिल्या अंकात एकही आवाज आला नाही. दुसऱ्या अंकात दिवे गेले. पोरीचे थंड हात माझ्या गळ्याभोवती आले. मी आवाज काढला, पडले, मेले. समोरून कुणीतरी ठासून म्हणालं, "नोकरानं मारलं." दुसरा म्हणाला, "हट, तो इन्स्पेक्टरच लबाड हाय." मालकाला त्या हंगामातलं सगळ्यात मोठं सुख त्या वाक्यानं दिलं असणार.

मी डाव्या विंगेकडं डोकं करून पडायचे. तिथून नवरा हाताच्या अंतरावर. रोज प्रेत होऊन पडले की त्याच्याकडची पानं उलटण्याचा आवाज मला ऐकू यायचा. त्या प्रयोगाला मी कान देऊन ऐकत होते. वाक्यं येत होती. मालक अडखळला, वाक्य आलं. पोरगी रडता रडता थांबली, तिचं वाक्य तिच्या आधी तिथं पोचलं होतं. पान मात्र एकदाही उलटलं नाही.

मला राहवलं नाही. मी डोळे उघडले. तो विंगेत मांडी घालून बसला होता. दिवा विझलेला. स्क्रिप्ट मांडीवर, मिटलेली. मान थोडी वर करून, सगळा जीव कानांत आणून तो आमचं नाटक एका वेळी सगळ्यांच्या तोंडानं बोलत होता. माझ्या डोळ्यांतून पाणी वाहायला लागलं ते थांबेना. एकीकडून पांढरा उजेड थेट माझ्या तोंडावर होता.

"अवो माय!" पुढच्या सतरंजीवरून एक बाई ओरडली. "बुढी जित्ती हाय! रडून राह्यली!"

सगळं मैदान हसायला लागलं. शिट्ट्या वाजल्या. इन्स्पेक्टर झालेला मालक पुढं काय बोलावं ते न सुचून स्टेजच्या मध्यभागी तसाच उभा राहिला. माझे डोळे काही केल्या मिटत नव्हते. तेव्हा विंगेतून आवाज आला, फक्त माझ्यापर्यंत पोचेल एवढा. स्क्रिप्टमध्ये त्या जागी प्रेताला वाक्य नव्हतं.

"डोळे मीट व," तो म्हणाला. "मी हाय इथी."

मी डोळे मिटले.